पंचवीस लाखांचे घर, अठ्ठेचाळीस लाखांची किंमत
गृहकर्जाचा दीर्घ हिशेब : दीन आणि दुनिया या दोन्ही दृष्टींनी



पवित्र कुरआनातील सर्वांत दीर्घ आयत कोणत्या विषयावर आहे, असे विचारले तर पुष्कळजण नमाज, रोजा किंवा हज यांपैकी एखादे नाव घेतील. वस्तुतः ती सूरह अल-बकराची २८२वी आयत असून तिचा विषय कर्जाची नोंद हा आहे. उधारीचा व्यवहार कराल तेव्हा मुदत ठरवा, तो लिहून ठेवा, लिहिणाऱ्याने न्यायाने लिहावे, साक्षीदार घ्यावेत, रक्कम लहान असो वा मोठी, लिहिण्याचा कंटाळा करू नये, असा तिचा आशय आहे. त्यात आणखी एक सूक्ष्म गोष्ट आहे. मजकूर कोणी सांगावा? ज्याच्यावर देणे आहे त्याने. म्हणजे आपण काय देणे लागतो, किती आणि केव्हा, हे कर्ज घेणाऱ्याला स्वतःच्या तोंडाने सांगता आले पाहिजे.

आज आपल्यापैकी किती जणांना हे सांगता येते? आमच्या डोंगरकड्यासारख्या गावातील मुले शिकून नांदेडला, पुण्याला नोकरीस लागतात. दोन-तीन वर्षांत लग्न होते आणि घराचा विषय निघतो. बँकेच्या कागदांचा गठ्ठा समोर येतो, फुली केलेल्या जागी सह्या होतात आणि घरी येऊन सांगितले जाते, ‘अब्बा, हप्ता अठरा हजार बसला.’ बस्स, एवढेच. किती वर्षे, एकूण किती, दर बदलला तर काय, मध्येच डोळे मिटले तर काय, यांपैकी एकाही प्रश्नाचे उत्तर घरात कोणाजवळ नसते. म्हणून या लेखात हुकूम आणि हिशेब ही दोन्ही आपण शेजारी शेजारी ठेवून पाहू.

गहाण, कर्ज आणि व्याज

प्रथम तीन गोष्टी वेगळ्या करून घेऊ. गहाण ठेवणे इस्लाममध्ये निषिद्ध नाही. अल-बकराच्या २८३व्या आयतीत तारणाचा उल्लेख आहे. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी या जगाचा निरोप घेतला तेव्हा त्यांचे चिलखत मदीनेतील एका यहुदी गृहस्थाकडे जवाच्या मोबदल्यात गहाण होते, हे सहीह बुखारीत नोंदलेले आहे. कर्ज घेणेही निषिद्ध नाही, मात्र ते हलक्या मनाने घेण्याची गोष्ट नाही. प्रेषित (स.) नमाजमध्ये कर्जाच्या ओझ्यापासून अल्लाहचा आश्रय मागत. इतक्या वेळा का, असे विचारले असता त्यांनी सांगितले की, माणूस कर्जबाजारी झाला की बोलताना खोटे बोलतो आणि वचन दिले तर ते मोडतो.

निषिद्ध आहे ते व्याज, म्हणजे दिलेल्या कर्जावर केवळ मुदतीच्या बदल्यात ठरवून घेतलेली वाढ. याविषयी अल-बकराच्या २७५ ते २८० या आयतींचा स्वर इतका कठोर आहे की, व्याज न सोडणाऱ्यांस अल्लाह आणि त्याच्या प्रेषितांकडून युद्धाचा इशारा दिलेला आहे. त्याच ठिकाणी न्यायाचे सूत्रही आहे : मुद्दल तुमचे, तुम्ही जुलूम करू नका आणि तुमच्यावरही जुलूम होऊ नये. हजरत जाबिर (रजि.) यांच्याकडून सहीह मुस्लिममध्ये आलेल्या हदीसनुसार प्रेषितांनी (स.) व्याज घेणारा, देणारा, लिहिणारा आणि त्याचे साक्षीदार या सर्वांना धिक्कारून पापात समान ठरविले आहे. ‘आम्ही घेत नाही, फक्त देतो’ हा बचाव म्हणूनच टिकत नाही.

हुकूम स्पष्ट आहे. तरीही पुष्कळ सज्जन माणसे म्हणतात, ‘मौलानासाहेब, दीनचे बरोबर, पण व्यवहारात हे परवडते.’ तर आता व्यवहारच पाहू.

हप्त्याच्या पोटात काय असते

समजा, नांदेडमध्ये एका कुटुंबाने २५ लाख रुपयांचे घर पाहिले. स्वतःजवळचे ५ लाख भरले आणि २० लाखांचे कर्ज वार्षिक ९ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतले. मासिक हप्ता सुमारे १७,९९५ रुपये बसतो. असे २४० हप्ते. एकूण भरणा होतो सुमारे ४३ लाख १९ हजार रुपये. त्यात मुद्दल २० लाख आणि व्याज २३ लाख १९ हजार. स्वतःचे ५ लाख त्यात मिळवा. २५ लाखांच्या घरासाठी ४८ लाखांहून अधिक रक्कम घराबाहेर गेलेली असते.

एकूण रकमेपेक्षाही तिचा क्रम अधिक समजून घेण्यासारखा आहे. पहिल्या महिन्यात २० लाखांवरील व्याज होते १५,००० रुपये. म्हणजे सुमारे १८ हजारांच्या पहिल्या हप्त्यातून कर्ज फिटते ते २,९९५ रुपयांचेच. पुढे हे प्रमाण हळूहळू बदलते, पण किती हळू, हे पाहा.

पाच वर्षे एकही हप्ता न चुकविता भरले, तर भरलेली रक्कम होते सुमारे १० लाख ८० हजार. आणि शिल्लक कर्ज? १७ लाख ७४ हजार. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, भरलेले असतात २१ लाख ५९ हजार, म्हणजे मूळ कर्जाहून अधिक. तरीही शिल्लक असतात १४ लाख २० हजार. मुद्दल निम्मे व्हायला १४ वर्षे लागतात. पोटाला चिमटा घेऊन, ईदचे कपडे पुढे ढकलून पहिली दहा वर्षे भरलेल्या पैशांपैकी जवळजवळ तीन-चतुर्थांश भाग व्याजात गेलेला असतो. घराचा दरवाजा आपला दिसतो, पण त्याचा मोठा भाग अजून गहाणच असतो.

हेच २० लाख त्याच दराने १० वर्षांत फेडले, तर हप्ता सुमारे २५,३३५ रुपये होतो आणि व्याज १० लाख ४० हजारांवर येते. म्हणजे ‘हप्ता कमी करून देतो, मुदत वाढवून घ्या’ हे वाक्य ऐकायला सवलतीचे वाटले, तरी त्या सवलतीची किंमत या उदाहरणात पावणेतेरा लाखांहून अधिक आहे. व्याजावर व्याज न वाढताही मुदतच व्याजाला कशी पोसते, ते यावरून ध्यानात यावे.

दर बदलला की

वरचा हिशेब दर २० वर्षे स्थिर राहील असे धरून केला. प्रत्यक्षात बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. ऑक्टोबर २०१९पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जे रेपो दरासारख्या बाह्य मानकाशी जोडावी लागतात. मे २०२०मध्ये रेपो दर ४ टक्के होता. मे २०२२पासून तो वाढू लागला आणि फेब्रुवारी २०२३मध्ये साडेसहा टक्क्यांवर पोहोचला. नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के! पुढे २०२५मध्ये तो पुन्हा उतरू लागला, परंतु मधल्या काळात कर्जदारांचे काय झाले?

समजा, एखाद्याने स्वस्ताईच्या काळात २० लाख रुपये ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले. हप्ता १५,५०६ रुपये. दोन वर्षांनी शिल्लक राहिली सुमारे १९ लाख १ हजार. आता दर साडेनऊ टक्के झाला. नव्या दराने महिन्याचे व्याजच १५,०५३ रुपये होते. हप्ता तोच ठेवला, तर मुद्दलात जमा होतात केवळ ४५३ रुपये, आणि उरलेली १८ वर्षांची मुदत वाढून ३७ वर्षांहून अधिक होते. मुदत तीच ठेवायची, तर हप्ता सुमारे १८,४०० रुपये करावा लागतो. पगार तेवढाच, शाळेची फी वाढलेली, आणि हप्ता २,९०० रुपयांनी अधिक.

अशा स्थितीत कर्जदाराला न विचारता मुदत लांबविण्याचे प्रकार घडू लागले, म्हणून रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढले. हप्ता वाढवायचा की मुदत, की दोन्ही थोडे थोडे, याची निवड आणि बँकेच्या धोरणानुसार स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय कर्जदारास द्यावा, असे त्यात सांगितले आहे. ज्यांच्यावर कर्ज आहे त्यांनी हा हक्क जाणून घ्यावा. कर्ज घेण्याच्या विचारात असलेल्यांनी मात्र यातून दुसरा बोध घ्यावा : आपण ज्या किमतीस सही करीत आहोत ती किंमत सहीच्या दिवशी कोणालाच ठाऊक नसते.

कागदाच्या मागचे खर्च

कर्जासोबत प्रक्रिया शुल्क, मूल्यांकन आणि कायदेशीर तपासणीचे शुल्क, गहाणाच्या कागदावरील मुद्रांक असे खर्च येतात. पुष्कळदा एकरकमी विम्याचा हप्ताही कर्जातच मिळविला जातो. समजा तो ६० हजार रुपये असेल, तर ९ टक्क्यांनी २० वर्षांत त्यासाठी सुमारे १ लाख ३० हजार भरावे लागतात. १ ऑक्टोबर २०२४पासून नव्या किरकोळ कर्जांसाठी बँकांनी मुख्य तथ्य विवरणपत्र देणे आवश्यक आहे. व्याज व इतर खर्च धरून वार्षिक एकूण दर किती पडतो आणि प्रत्येक हप्त्यात मुद्दल व व्याज किती, हे त्यात असते, आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे लागते. मराठीत मागा, वाचा, न समजल्यास विचारा. कर्ज घ्यायचे नाही असे ठरविण्यासाठीदेखील हा कागद उत्तम उपदेशक आहे.

‘आयकर वाचतो’ हाही एक युक्तिवाद असतो. जुन्या करप्रणालीत स्वतः राहत असलेल्या घराच्या कर्जावरील व्याजाची वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते, नव्या प्रणालीत ती मिळत नाही. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज सुमारे १ लाख ७८ हजार आहे. वीस टक्के कर भरणाऱ्याचे त्यातून सुमारे ३६ हजार वाचतात, उरलेले १ लाख ४२ हजार जातातच. एक रुपया वाचविण्यासाठी पाच रुपये देण्याला बचत कोण म्हणेल?

वारसांच्या वाट्याला काय येते

सूरह अन-निसाच्या ११व्या व १२व्या आयतींत वारसांचे हिस्से सांगताना पुन्हा पुन्हा आठवण दिली आहे की, ही वाटणी मृत्युपत्र आणि कर्ज यांची पूर्तता झाल्यानंतरची आहे. आधी देणे, मग वारसा. आपल्या उदाहरणातील घरधनी आठ वर्षांनी अल्लाहला प्यारा झाला असे समजा. तोवर त्याने १७ लाख २७ हजार रुपये भरले आहेत. तरीही १५ लाख ८१ हजार शिल्लक आहेत. विधवा बाई आणि लहान मुले यांच्यासमोर हप्ता उभा राहतो. तीन महिने थकबाकी राहिली की खाते अनुत्पादित ठरते आणि त्यानंतर २००२च्या सरफेसी कायद्यान्वये साठ दिवसांची नोटीस देऊन घर ताब्यात घेण्याची वाट बँकेस मोकळी होते.

प्रेषितांपुढे (स.) एक जनाजा आणला गेला. मृतावर कर्ज होते आणि फेडण्यास काही नव्हते. प्रेषितांनी (स.) स्वतः नमाज पढविण्यास पुढे न होता सहाबांना ती अदा करण्यास सांगितले. तेव्हा अबू कतादा (रजि.) यांनी त्याचे कर्ज स्वतःकडे घेतले आणि मग प्रेषितांनी (स.) नमाज पढविली. या घटनेत दोन धडे आहेत. कर्ज ही मृत्यूनंतरही न सुटणारी गाठ आहे, हा पहिला. ती गाठ सोडविण्यास जमातीतून कोणीतरी पुढे यावे, हा दुसरा. आपण पहिला धडा प्रवचनात सांगतो आणि दुसरा विसरतो.

आपल्या मातीतील आठवण

व्याजाच्या ओझ्याचा अनुभव महाराष्ट्राला नवा नाही. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांवर उठाव केला आणि तो पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत पसरला. त्यांचा रोख मुख्यतः कर्जरोख्यांवर होता, रोखे हिसकावून जाळले गेले. त्यानंतर १८७९मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा झाला. त्याहूनही जुना ‘दामदुपटीचा’ नियम मराठी माणसास ठाऊक आहे : एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलाहून अधिक असू नये. म्हणजे ज्या समाजात व्याज चालत होते त्यानेही त्याला कोठेतरी कुंपण घातले. सूरह आले-इम्रानच्या १३०व्या आयतीत दुप्पट-चौपट होत जाणाऱ्या व्याजाचा निषेध आहे, आणि अल-बकरात तर व्याजाचे मूळच खणून काढले आहे. कुंपण घालूनही जी वेल शेत झाकते ती मुळासकट उपटणेच शहाणपणाचे ठरते.

‘भाडे तर फुकट जाते’

आता सर्वांत वजनदार आक्षेप. ‘भाडे देऊन हाती काही राहत नाही, आणि साठवीत बसलो तर घराच्या किमती आपल्यापुढे पळतात.’ या आक्षेपात तथ्य आहे आणि ते प्रामाणिकपणे मान्य केले पाहिजे. १८ हजारांपैकी ६ हजार भाडे देऊन १२ हजार साठविले, तर दहा वर्षांत १४ लाख ४० हजार होतात, जवळचे ५ लाख धरून १९ लाख ४० हजार. घराची किंमत वर्षाला ५ टक्क्यांनी वाढली, तर २५ लाखांचे घर तोवर ४० लाखांच्या पुढे गेलेले असेल. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा नसतो, हेही खरे.

परंतु हिशेबाची दुसरी बाजूही पाहावी. किंमत वाढेलच याची हमी कोणी देत नाही, हप्त्याची हमी मात्र आपल्याकडून लिहून घेतलेली असते. घराची किंमत पडली, नोकरी गेली, आजारपण आले, तरी देणाऱ्याचे येणे अबाधित असते आणि सगळा धोका घेणाऱ्याच्या डोक्यावर असतो. शरियतचा आक्षेप नेमका येथे आहे. नफा हवा असेल तर धोक्यातही वाटेकरी व्हा, हे तिचे म्हणणे. शिवाय राहत्या घराची वाढलेली किंमत हाती येत नाही. ते विकले, तर तितकेच महाग दुसरे घ्यावे लागते.

आणि भाडे फुकट जाते म्हणणे तरी बरोबर आहे का? भाड्याच्या बदल्यात छप्पर मिळते. तो हलाल व्यवहार आहे आणि त्यात लाज कसली? हिजरतनंतर प्रेषित (स.) काही महिने अबू अय्यूब अन्सारी (रजि.) यांच्या घरी राहिले. मस्जिदीची जागा दोन अनाथ मुलांची होती. ती विनामूल्य देऊ केली गेली, तरी तिची किंमत चुकती केली गेली. मग कच्च्या विटांच्या भिंती, खजुराच्या बुंध्यांचे खांब आणि झावळ्यांचे छप्पर, अशी मस्जिद उभी राहिली आणि तिला लागून घरच्या खोल्या. आधी जागा, मग भिंती, मग छप्पर. आमच्या भागातील जुनी घरेही अशीच वाढली. एका सुगीत जोते झाले, पुढच्या वर्षी दोन खोल्यांवर पत्रे पडले, हळदीला भाव आला त्या वर्षी स्लॅब झाला. त्या घरांवर एका पैशाचे व्याज नव्हते. तयार फ्लॅटची स्वप्ने पाहताना आपण ही रीत मागासलेली समजू लागलो.

मग करावे काय?

आपल्या देशात व्याजमुक्त बँकिंगचा पूर्ण मार्ग आज उपलब्ध नाही. डॉ. रघुराम राजन यांच्या अध्यक्षतेखालील समितीने २००८मध्ये व्याजमुक्त बँकिंगचा विचार व्हावा असे सुचविले होते, परंतु २०१७मध्ये रिझर्व्ह बँकेने तो प्रस्ताव पुढे न नेण्याचे ठरविले. म्हणून मार्ग कुटुंब, मोहल्ला आणि जमात यांच्या पातळीवर शोधावे लागतील. ते पुढीलप्रमाणे आहेत.

*हप्त्याने खरेदी.* प्लॉटचा मालक रोखीने ४ लाखांना देत असेल आणि दरमहा १५ हजारांच्या ३० हप्त्यांत साडेचार लाखांना देण्यास तयार असेल, तर बहुसंख्य फुकहांच्या मते हा व्यवहार वैध आहे. अट अशी की, एकच किंमत व्यवहाराच्या वेळी निश्चित व्हावी आणि उशीर झाल्यास ती एका रुपयानेही वाढू नये. ती वस्तूची किंमत आहे, पैशाची वाढ नव्हे.

*घटती भागीदारी.* समजा २४ लाखांचे घर पुतण्या आणि चाचा मिळून घेतात. पुतण्याचे ८ लाख, चाचांचे १६ लाख. दोघे खरोखर मालक. घराचे रास्त भाडे ९ हजार असेल, तर चाचांच्या दोन-तृतीयांश वाट्याचे भाडे ६ हजार पुतण्या त्यांना देतो आणि दरवर्षी १ लाख ६० हजारांचा वाटा त्यांच्याकडून विकत घेतो. वाटा घटतो तसे भाडे घटते : ६,०००, मग ५,४००, मग ४,८००. दहा वर्षांत चाचांना १६ लाख आणि भाड्याचे ३ लाख ९६ हजार मिळतात, पुतण्याला पूर्ण घर मिळते. ‘हे भाडे म्हणजे व्याजच की’, असे कोणी म्हणेल. तसे नाही. घर पडले, जळले, तर चाचांच्या वाट्याचे नुकसान चाचांचे, आणि घर राहण्याजोगे नसेल तर भाडेही नाही. व्याज असे कधी थांबत नाही. भागीदारी, भाडे आणि वाटाखरेदी यांचे करार वेगवेगळे लिहावेत, मसुदा मुफ्तींना दाखवावा, आणि नोंदणी व मुद्रांक यांसाठी वकिलाचा सल्ला घ्यावा.

*भिशी.* वीस कुटुंबांनी दरमहा १० हजार घातले, तर प्रत्येक महिन्यात एका कुटुंबाला २ लाख मिळतात आणि वीस महिन्यांत सर्वांची पाळी येते. कोणालाही कमी नाही, कोणालाही अधिक नाही. ज्याचे जोते तयार आहे त्याला आधी द्यावे. मात्र बोली लावून, रक्कम सोडून आधी उचलण्याची भिशी टाळावी, कारण सोडलेली रक्कम म्हणजे व्याजच.

*कर्ज-ए-हसना.* मस्जिदीच्या जमातीने छोटा बिनव्याजी निधी उभारावा. देवबंदचा मुस्लिम फंड सोने तारण ठेवून बिनव्याजी कर्ज देतो, हे उदाहरण डोळ्यांपुढे आहे. आपला निधी चार-पाच लाखांचाच असेना, एखाद्याचा स्लॅब त्यात पुरा होतो.

*शासकीय अनुदान.* प्रधानमंत्री आवास योजना (ग्रामीण) अंतर्गत पात्र कुटुंबाला सपाट प्रदेशात १ लाख २० हजारांचे साहाय्य मिळते. ते परत करायचे नसते, त्यावर व्याज नसते. ग्रामपंचायतीत नाव आहे का, ते पाहा. शहरी योजनेत स्वतःच्या जागेवर बांधणाऱ्यांसाठी अनुदानाचा घटक आहे आणि व्याजात सवलत देणारा वेगळा घटकही आहे. पहिला साहाय्य आहे, दुसऱ्यात मूळ कर्ज व्याजाचेच राहते. दोन्ही एक समजू नयेत.

कोणाची अडचण खरोखर निरुपायाची असेल, डोक्यावर छप्परच नसेल आणि एकही हलाल मार्ग उरला नसेल, तर त्याने शेजाऱ्याचे पाहून निर्णय घेऊ नये. आपली संपूर्ण परिस्थिती जाणत्या मुफ्तींपुढे मांडावी. युरोपातील मुस्लिमांसाठी युरोपियन कौन्सिल फॉर फतवा अँड रिसर्च या संस्थेने १९९९मध्ये गरजेपोटी सवलतीचे मत दिले, तेव्हाही अनेक उलमांनी त्याशी असहमती दर्शविली. एका देशातील, विशिष्ट गरजेपुरती दिलेली सवलत दुसरा फ्लॅट घेण्याचा परवाना होत नाही. निकड आणि हौस यांतील अंतर आपले मनच आधी ओळखते.

ज्यांनी आधीच कर्ज घेतले आहे

अशा बंधू-भगिनींना मी निराश करू इच्छित नाही. जमातीतील इतरांनाही विनंती आहे की, त्यांना टोमणे मारू नयेत. मस्जिदीच्या पायरीवर ऐकलेला टोमणा माणसाला मस्जिदीपासून दूर नेतो, व्याजापासून नव्हे. तौबा करावी, पुढे असा व्यवहार न करण्याचा निश्चय करावा आणि लवकर सुटण्याचा मार्ग धरावा.

तो मार्ग हिशेबातही फायद्याचा आहे. व्यक्तीच्या बदलत्या दराच्या गृहकर्जाची रक्कम मुदतीपूर्वी भरल्यास बँकेला दंड घेता येत नाही. आपल्या २० लाखांच्या उदाहरणात पहिल्या वर्षाअखेर १ लाख रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर सुमारे २७ हप्ते कमी होतात आणि जवळजवळ ४ लाखांचे व्याज वाचते. जादा रक्कम भरताना ‘हप्ता नको, मुदत कमी करा’ असे लेखी द्यावे. पडीक प्लॉट असेल, दुसरी गाडी असेल, तर ती विकून आधी कर्ज हलके करावे. पत्नीचा महर आणि दागिने तिच्या मालकीचे आहेत. तिने राजीखुशीने दिले तरच घ्यावेत, आणि ते कर्ज म्हणून घेतले असतील तर लिहून ठेवावेत. हप्ता चुकवू नये, कारण केलेला करार पाळणे हेही दीनच आहे. पूर्ण फेड झाल्यावर मूळ कागद ३० दिवसांत परत मिळाले पाहिजेत. बँकेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाईचा नियम १ डिसेंबर २०२३पासून लागू आहे.

शेवटी एक काम प्रत्येक घराने करावे. या जुम्याच्या रात्री जेवण झाल्यावर अब्बा, अम्मी, मुलगा, सून सर्वांनी एकत्र बसावे. घरावर कर्ज असेल तर एका कागदावर चार ओळी लिहाव्यात : मूळ किती घेतले, आजवर किती भरले, शिल्लक किती, आणि ते किती वर्षांत संपवायचे. कर्ज नसेल पण घेण्याचा विचार असेल, तर तोच कागद आधी लिहावा आणि त्याखाली वर सांगितलेल्या मार्गांपैकी कोणता आपल्याला जमेल ते लिहावे. कर्ज ज्याच्यावर आहे त्याने मजकूर सांगावा, इतरांनी लिहावा, म्हणजे २८२व्या आयतीवर त्या रात्री अंमल झालेला असेल.

सूरह अल-बकराच्या २७६व्या आयतीचा आशय असा की, अल्लाह व्याजाची वाढ मिटवितो आणि सदक्यांची वाढ करतो. अल्लाह आपल्या सर्वांना हलाल कमाईचे, ऐपतीपुरते आणि कोणाच्याही व्याजाच्या ओझ्याखाली नसलेले घर देवो, कर्जाखाली असलेल्यांची सुटका सुकर करो, आणि आपल्या जमातीला एकमेकांचा भार उचलण्याची सद्बुद्धी देवो. आमीन.